चिलटांची बरणी, पालींचे पोट आणि आईंचे स्वयंपाकघर

एका वाचकाने लिहिले आहे: त्यांच्या घरी चार मॉर्निंग गेको (पालीची एक लहान जात) आहेत आणि गेल्या आठ महिन्यांत त्यांना सात पिल्ले झाली. पिल्लांचे तोंड इतके लहान की विकत मिळणारे किडे त्यांना गिळता येत नाहीत, म्हणून वाचकाने बिनपंखी चिलटांची एक बरणी आणली आणि त्यांची पैदास घरीच सुरू केली. पहिली बरणी हिरव्या बुरशीने गेली. दुसरी तीन आठवडे उत्तम चालली आणि मग अचानक थंडावली. तिसरी त्यांनी उबेसाठी गेकोंच्या पेटीवरच्या दिव्याशेजारी ठेवली, तर तिच्यातून चक्क उडणारी चिलटे निघाली. विक्रेत्याने फसवले, असे त्यांना वाटते. आता स्वयंपाकघरात चिलटे घोंगावतात आणि त्यांच्या आई म्हणतात, "ज्यांना मी जन्मभर हाकलले, त्यांना तू बरणीत घालून वाढवतोस!" वाचक विचारतात, की हा उद्योग बंद करून तयार बरण्याच विकत घेत राहावे, की पाली कोणाला तरी देऊन टाकाव्यात? पिल्ले उपाशी राहतील या धास्तीने झोप लागत नाही, आणि एवढी साधी गोष्ट आपल्याला जमू नये याची लाजही वाटते.

प्रिय वाचक,

तीन बरण्यांच्या तीन अपयशांना तुम्ही एकच कारण दिले आहे, ते म्हणजे तुमचा निष्काळजीपणा. मला तसे दिसत नाही. तिन्ही बरण्या तीन निरनिराळ्या कारणांनी बिघडल्या, आणि त्यांतली दुसरी तर बिघडलीच नव्हती. ती आपले आयुष्य जगून संपली. तिथूनच सुरुवात करतो, कारण तुमची बरीचशी धास्ती त्या एका गैरसमजातून आलेली आहे.

साधारण २५ अंश सेल्सियसला लहान जातीच्या चिलटाचा, म्हणजे ड्रॉसोफिला मेलॅनोगॅस्टरचा, अंड्यापासून पूर्ण वाढलेल्या माशीपर्यंतचा प्रवास दहा दिवसांत होतो. एका दिवसात अंड्यातून अळी निघते, चार-पाच दिवस ती लगदा पोखरत खाते, मग बरणीच्या कोरड्या भिंतीवर चढून कोष करते आणि आणखी चार-पाच दिवसांनी त्यातून माशी बाहेर पडते. तापमान १८ अंशांवर आले की याच प्रवासाला जवळजवळ दुप्पट दिवस लागतात. याचा अर्थ असा, की बरणी भरल्यानंतर पहिले दीड आठवडा तिच्यातून काहीच मिळत नाही, नंतरचे दोन-अडीच आठवडे भरभरून मिळते, आणि चौथ्या आठवड्याच्या सुमारास लगदा संपलेला, वाळलेला आणि अळ्यांच्या मळाने काळवंडलेला असतो. तुम्ही मात्र एका वेळी एकच बरणी ठेवत होता आणि ती थंडावल्यावर दुसरीच्या तयारीला लागत होता. अशा रीतीने कितीही निगुतीने काम केले, तरी दर महिन्याला दहा-बारा दिवसांचा उपास ठरलेलाच आहे. चिलटे पाळणे हे स्वच्छतेपेक्षा तारखांचे काम आहे. जुनी बरणी ऐन बहरात असतानाच तिच्यातली पन्नासेक चिलटे नव्या बरणीत घालायची, बरणीवर तारखेची चिठ्ठी चिकटवायची आणि तीस दिवस झाले की आत कितीही चिलटे दिसोत, ती बाद करायची. पाळणारे बहुतेक जण चुकतात ते या शेवटच्या पायरीवर, कारण शंभरभर जिवंत चिलटे असलेली बरणी टाकवत नाही. नेमक्या याच म्हाताऱ्या बरण्यांत माइट, म्हणजे गोचिडीच्या जातकुळीतले अतिसूक्ष्म जीव, वाढतात. डोळ्यांना ते जेमतेम दिसतात. झाकणाच्या कडेला बारीक, राखाडी, सरकणारी धूळ दिसली तर ती धूळ नव्हे, हे ओळखावे. माइट एका बरणीतून दुसरीत चालत जातात, म्हणून बरण्या पसरट ताटलीत, साबणाच्या पाण्याच्या पातळ थरात उभ्या कराव्यात. तो खंदक त्यांना ओलांडता येत नाही.

आता तिसऱ्या बरणीविषयी. विक्रेत्यावर आळ घेण्याआधी दोन शक्यता तपासून पाहा. बिनपंखी चिलटे ही काही वेगळी जात नाही. खुरटे पंख हा एक आनुवंशिक दोष आहे, आणि तो गेल्या शतकाच्या सुरुवातीला टॉमस हंट मॉर्गन यांच्या कोलंबिया विद्यापीठातल्या प्रयोगशाळेत नजरेस आला. दुधाच्या बाटल्यांत केळ्याच्या लगद्यावर चिलटे पोसत त्या मंडळींनी आनुवंशिकतेचा पाया घातला आणि १९३३ साली मॉर्गन यांना नोबेल पारितोषिक मिळाले. तेव्हा तुमच्या आईंना या बरणीचे कूळ अगदीच हलके नाही, असे सांगता येईल. मुद्दा असा, की हा दोष अप्रभावी आहे, म्हणजे आई आणि बाप या दोघांकडूनही तो आला तरच पंख खुरटतात. लगदा बदलताना बाहेरचे एक जरी उडते चिलट आत शिरले, तरी त्याच्यापासून होणारी सगळी प्रजा पंखवाली निघते. दुसरी शक्यता दिव्याची. खुरट्या पंखांचा हा गुण तापमानावरही अवलंबून असतो; अळ्या ३० अंशांच्या आसपास वाढल्या, तर त्यांचे पंख पुष्कळ मोठे होतात. शिवाय तेवढ्या उष्णतेत नर वांझ होऊ लागतात, त्यामुळे बरणी पुढच्या पिढीलाच बसते. पालींना ऊब हवी म्हणून चिलटांनाही हवी, असे तुम्ही गृहीत धरलेत. बरणी खोलीतल्या साध्या सावलीच्या फडताळात, २२ ते २६ अंशांत सुखाने राहते.

पहिल्या बरणीची हिरवी बुरशी ही मात्र पाककृतीची गोष्ट आहे, आणि इथे थोडे सविस्तर लिहितो, कारण हाच प्रश्न मला इतरांकडूनही येतो. पिकलेले केळे कुस्करून, त्यात ओटचे पीठ घालून, थोड्या पाण्यात शिजवावे. शिजवल्याने आधीपासून असलेली बुरशी आणि माइट मरतात. मिश्रण पूर्ण निवल्यावरच त्यात व्हिनेगर मिसळावे, कारण गरम लगद्यातून ते उडून जाते. बुरशीला रोखण्याचे काम तेच करते. वाटीभर लगद्याला एक-दोन चमचे पुरे. त्याहून जास्त घातले तर चिलटेही नाक मुरडतात. लगदा इतका घट्ट असावा, की बरणी तिरकी केली तरी तो जागचा हलू नये. पातळ लगद्यात माश्या बुडून मरतात, आणि मेलेल्या माश्यांवर पहिली बुरशी धरते. वरून वाळलेल्या यीस्टचे मोजके दाणे भुरभुरावेत. मी सुरुवातीला उदारपणे चमचाभर यीस्ट घातले होते. दुसऱ्या दिवशी सकाळी बरणीतली सगळी चिलटे तळाशी निपचित पडलेली, कारण यीस्टने सोडलेला कार्बन डायॉक्साइड त्यांच्या अंगावर साचला होता. झाकण हवेशीर हवे ते यासाठीच: झाकणाला मोठे भोक पाडून त्यावर घट्ट विणीचे सुती कापड रबराने आवळून बांधावे. आत लाकडाचा भुसभुशीत कीस किंवा चुरगळलेला जाड कागद उभा ठेवला, की माश्यांना बसायला आणि कोषांना चिकटायला कोरडी जागा मिळते. आणि सगळ्यात महत्त्वाचे म्हणजे पहिली चिलटे एकदम पुष्कळ घालावीत. पन्नास-साठ माश्यांच्या अळ्या लगद्याचा पृष्ठभाग सतत ढवळत राहतात, त्यामुळे बुरशीला पाय रोवता येत नाहीत. पाच-दहा माश्यांवर सुरू केलेली बरणी पहिल्या आठवड्यातच हिरवी पडते, आणि तुमच्या पत्रात "दहाएक चिलटे सोडली" असे स्पष्ट लिहिलेले आहे.

बरणीत काहीतरी कुजते आहे, अशीही तुमच्या आईंची तक्रार आहे, आणि कुजणे या शब्दाशी माझे थोडे भांडण आहे. बाजारात यांना फळमाशी या नावाने विकतात खरे, पण बागायतदार जिचा धसका घेतात ती फळमाशी निराळी. ती चांगल्या, पिकत्या फळाला टोचून आत अंडी घालते. बरणीतले चिलट आंबू लागलेल्या फळावर येते आणि फळापेक्षा त्यावर वाढणाऱ्या यीस्टवर जगते. आंबणे आणि कुजणे यांत फरक आहे, आणि तो नाकाला कळतो: नीट चाललेल्या बरणीला आंबूस, पावासारखा वास येतो. नाक आक्रसावे असा वास आला तर बरणी बाद झाली, असे समजावे. म्हणून ही तक्रार झटकून टाकू नका. घाण वासाची बरणी घरात आहे असे आई म्हणाल्या, तर बहुधा त्यांचे खरे असते.

स्वयंपाकघरात घोंगावणारी चिलटे कुठून आली, हे मात्र त्यांच्यासमोर बसून शोधा. बिनपंखी चिलट उडत नाही, ते चालते आणि उडी मारते. ओट्यावरची चिलटे उडत असतील तर ती एक तर तिसऱ्या बरणीची प्रजा आहे, किंवा व्हिनेगर आणि यीस्टच्या वासाने खिडकीतून आत आलेली बाहेरची मंडळी आहेत. चालणारी असतील, तर ती बरणीपेक्षा गेकोंच्या पेटीतून सुटली असण्याचा संभव अधिक. दोन-अडीच मिलिमीटरचा जीव पेटीच्या हवा येण्याच्या जाळीतून आरामात बाहेर पडतो, आणि आपण मात्र बरणीचे झाकण पुन्हा पुन्हा आवळत बसतो. जाळीवर आतून बारीक विणीचे कापड लावा. पेटीत एकदम मूठभर चिलटे सोडू नका; पिल्ले पंधरा-वीस मिनिटांत संपवतील तेवढीच द्या, आणि फळाचा नखाएवढा तुकडा पेटीच्या एका कोपऱ्यात ठेवा, म्हणजे उरलेली चिलटे पसरण्याऐवजी तिथे गोळा होतील. आधीच सुटलेल्यांसाठी वाटीत थोडे व्हिनेगर आणि त्यात भांडी घासण्याच्या द्रवसाबणाचा एक थेंब पुरेसा आहे. साबणामुळे पाण्याचा पृष्ठताण मोडतो आणि उतरलेले चिलट बुडते.

आता ज्या गोष्टीने तुमची झोप उडवली आहे, तिच्याकडे वळतो. चिलटे नसली तर पिल्ले उपाशी मरतील, हे तुम्ही धरून चालला आहात. शॅमेलिऑन सरड्याची नुकती जन्मलेली पिल्ले ज्यांच्याकडे आहेत, त्यांच्यासाठी ते बरेचसे खरे आहे: ती फक्त हलणारे भक्ष्य टिपतात, पहिले काही आठवडे त्यांना रोज आणि भरपूर चिलटे लागतात, आणि म्हणून अंडी उबण्याच्या महिनाभर आधीच तीन-चार बरण्या चालू असाव्या लागतात. तुमच्या गेकोंचे तसे नाही. क्रेस्टेड गेकोसाठी जी पूर्ण आहाराची भुकटी मिळते, ती पाण्यात कालवून झाकणभर ठेवली, की ही पिल्ले जन्मापासून ती चाटून खातात. तोच त्यांचा मुख्य आहार धरावा, आणि आठवड्यातून दोन-तीन वेळा चिलटे द्यावीत. संध्याकाळी दिवे मालवल्यानंतर ठेवावे आणि सकाळी उचलावे, कारण हा प्राणी रात्रीचा आहे. (नावातले मॉर्निंग सकाळचे नव्हे, शोकाचे आहे, देवनागरीत दोन्ही सारखेच दिसतात आणि त्यामुळे पुष्कळ जण त्यांना सकाळी जेवू घालतात.) दुसरी सोय स्प्रिंगटेलची. ओल्या कोळशावर वाढणारे हे पांढरे ठिपक्यांएवढे जीव कोरड्या जागी तग धरत नाहीत, त्यामुळे ते पेटीबाहेर पडून घरभर पसरण्याची भीती नाही, आणि अगदी लहान पिल्लांना ते चिलटांपेक्षाही सोयीचे पडतात. हे वाचणाऱ्या इतरांसाठी जाता जाता सांगतो: लेपर्ड गेको किंवा बिअर्डेड ड्रॅगनच्या पिल्लांना चिलटे फारच लहान पडतात, आणि साप किंवा कासव पाळणाऱ्यांनी या भानगडीत पडण्याचे कारणच नाही. किडा पालीच्या दोन डोळ्यांमधल्या अंतराहून मोठा नसावा, एवढा हिशेब ठेवला की पुरे. मोठ्या गेकोंना ड्रॉसोफिला हायडेई ही थोडी थोराड जात चालते. तिचे चक्र लहान जातीपेक्षा लांब असते, म्हणून तिच्या तारखा वेगळ्या मांडाव्या लागतात.

घरी पोसलेले, ताजे, म्हणजे सकस, असे एक वाक्य तुमच्या पत्रात आहे, आणि त्याची मला तुमच्या बुरशीपेक्षा जास्त काळजी वाटते. चिलटात, किंबहुना बहुतेक किड्यांत, कॅल्शियम फार थोडे आणि फॉस्फरस त्याहून जास्त असतो; सरपटणाऱ्या प्राण्यांच्या हाडांना याच्या उलट, म्हणजे फॉस्फरसच्या दीडपट ते दुप्पट कॅल्शियम लागते. नुसत्या चिलटांवर वाढलेल्या पिल्लाचा जबडा मऊ पडतो, शेपटीला वाक येतो, चालताना ते थरथरते, आणि हे दिसू लागते तोवर हाडांचे बरेच नुकसान झालेले असते. म्हणून चिलटे पेटीत सोडण्याआधी बरणी टेबलावर हलकेच आपटून ती खाली पाडावीत, उंच प्याल्यात झटकावीत, चिमूटभर कॅल्शियमची भुकटी टाकून प्याला गोल फिरवावा, आणि पांढरीशुभ्र झालेली चिलटे लगेच द्यावीत. अर्ध्या तासात ती अंग साफ करून पुन्हा तपकिरी होतात. ड जीवनसत्त्व असलेली भुकटी रोज वापरू नये, त्याचा अतिरेकही घातक असतो. पेटीत अतिनील दिवा आहे की नाही यावर तिचे प्रमाण ठरते, आणि ते पशुवैद्याकडून ठरवून घ्यावे. तुमच्या मोठ्या गेकोंच्या गळ्याच्या दोन्ही बाजूंना पांढरट फुगवटे दिसतात आणि तो आजार असावा, असे तुम्ही शेवटच्या ओळीत विचारले आहे. ते कॅल्शियमचे साठे आहेत. अंड्याच्या कवचासाठी मादी तिथे ते जमवून ठेवते.

आणि हे फुगवटेच तुमच्या खऱ्या अडचणीकडे बोट दाखवतात. या जातीत जवळपास सगळ्या माद्याच असतात आणि त्या नराशिवाय अंडी घालतात. एका वेळी सहसा दोन अंडी, पुन्हा काही आठवड्यांनी दोन, आणि त्यातून निघालेली प्रत्येक पिल्ली वर्षभराच्या आत स्वतः अंड्यावर येते. तुम्ही चार पालींसाठी सुरू केलेली बरणी आज अकरा पालींसाठी चालवत आहात, आणि काहीच केले नाही तर पुढच्या वर्षी ती कितींसाठी चालवाल, याचा हिशेब पत्रात कुठेच नाही. बरण्यांनी तुम्हाला दमवले, असे वाटते. मला वाटते, अंड्यांनी दमवले. ताजी घातलेली अंडी लगेच काढून फ्रीझरमध्ये ठेवणे हा त्यावरचा सरळ उपाय आहे. ती काचेला किंवा फांदीला घट्ट चिकटलेली असतात, म्हणून पेटीत बांबूच्या सुट्या नळ्या ठेवाव्यात. माद्यांना अंडी घालायला अशा फटी आवडतात आणि आपल्याला नळी उचलून घेता येते. ज्यांना हे मनाला पटत नाही, त्यांनी पिल्ले घ्यायला माणसे आधी शोधावीत आणि अंडी मागाहून ठेवावीत. बाहेर झाडावर सोडून देण्याचा विचार मात्र कोणीही करू नये. एकटी मादी नवी वसाहत उभी करू शकते, आणि पॅसिफिकमधल्या बेटांमागून बेटांवर ही पाल अशीच पसरलेली आहे.

तुमच्या दोन पर्यायांपैकी, पाली देऊन टाकण्याची वेळ आलेली आहे असे मला वाटत नाही. काही पिल्ले चांगल्या हाती देणे ही निराळी गोष्ट, ती जरूर करा. तयार बरण्या विकत घेण्यात कमीपणा काहीच नाही, पण त्यांच्याबरोबर कधी कधी माइटही येतात, म्हणून आलेली बरणी आठवडाभर वेगळी ठेवून पाहावी. मी तुमच्या जागी असतो तर भुकटीवर मुख्य भिस्त ठेवून, दर दहा दिवसांनी एक याप्रमाणे तीन बरण्यांची रांग लावली असती, आणि तीन महिन्यांनीही ती जमली नसती तर निमूटपणे विकतच्या बरण्यांवर आलो असतो.

राहिला प्रश्न आईंचा. त्यांचा राग चिलटांवर जितका आहे, तितकाच त्यांना न विचारता त्यांच्या ओट्यावर बरणी ठेवल्याचाही असावा, असे पत्रावरून वाटते. त्या जागेचा उल्लेख तुम्ही "माझी बरण्यांची जागा" असा केला आहे. बरण्या स्वयंपाकघरातून हलवा. पालींची भांडी आणि बरण्या तिथल्या मोरीत धुऊ नका, कारण सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अंगावर आणि विष्ठेत साल्मोनेला हे जंतू असू शकतात, आणि पेटीत हात घातल्यावर दर वेळी साबणाने हात धुवा. बाद झालेली बरणी जिवंत चिलटांसकट कचऱ्यात टाकू नका. पिशवीत गुंडाळून दोन दिवस फ्रीझरमध्ये ठेवावी आणि मगच टाकावी. उडणाऱ्या चिलटांच्या त्या तिसऱ्या बरणीतून नव्या बरणीत एकही चिलट घालू नका, ती आजच फ्रीझरमध्ये जाऊ द्या. फक्त तिथला कोणता कप्पा रिकामा करायचा, हे आधी आईंना विचारा.